मेलेल्या माणसाचं नवं वाक्य

१६ एप्रिल २०२५ रोजी नाशिकमध्ये शिवसेना (उद्धव बाळासाहेब ठाकरे) पक्षाच्या मेळाव्यात बाळासाहेब ठाकरे यांच्या आवाजातलं भाषण ऐकवण्यात आलं. बाळासाहेब १७ नोव्हेंबर २०१२ रोजी गेले. भाषणातली टीका मात्र त्यांच्या निधनानंतर घडलेल्या राजकारणावर होती. भाजप आणि शिंदे गट हे तिचं लक्ष्य होतं. कृत्रिम बुद्धिमत्तेने तयार केलेला तो आवाज होता आणि ते कुणी लपवलं नव्हतं. त्याआधी जानेवारी २०२४ मध्ये तमिळनाडूत द्रमुकच्या एका कार्यक्रमात २०१८ साली निवर्तलेले करुणानिधी पडद्यावर बोलले होते, आणि पुढच्याच महिन्यात अण्णाद्रमुकने जयललितांच्या आवाजातला संदेश काढला होता. म्हणजे हा एका पक्षाचा किंवा एका राज्याचा प्रश्न नाही. मेलेल्या माणसाकडून, त्याने कधीच न उच्चारलेलं वाक्य वदवून घेणं आता कुणालाही शक्य आहे आणि त्यासाठी फार पैसेही लागत नाहीत. विज्ञानकथेवर आधारलेल्या दूरचित्रवाणी मालिका गेली कित्येक वर्षं हाच विषय हाताळत आल्या आहेत. त्या पाहताना प्रेक्षक बहुतेक वेळा विचारतो, की माणसाचं मन खरंच संगणकात उतरवता येईल का? हा प्रश्न महत्त्वाचा असला तरी पहिला नाही. पहिला प्रश्न असा, की गेलेल्या माणसाच्या नावाने, त्याच्या तोंडून नवं वाक्य बोलण्याचा अधिकार कुणाचा? या मालिकांचं खरं सामर्थ्य याच प्रश्नात आहे. आणि हा प्रश्न तपासायला नांदेड आणि लातूर ही दोन ठिकाणं कुठल्याही परदेशी प्रयोगशाळेपेक्षा जास्त उपयोगी आहेत.

आधी मालिकांकडे पाहू. ब्रिटनमध्ये सुरू झालेल्या ‘ब्लॅक मिरर’ मालिकेचा ‘बी राइट बॅक’ हा भाग फेब्रुवारी २०१३ मध्ये आला. मार्था नावाच्या तरुणीचा जोडीदार ॲश अपघातात जातो. एक कंपनी त्याचे ईमेल आणि समाजमाध्यमांवरचा मजकूर गोळा करून त्याच्यासारखा बोलणारा प्रोग्रॅम तिला देते. सुरुवातीला फक्त लेखी संवाद असतो, मग फोनवर त्याचा आवाज येतो, आणि शेवटी त्याच्यासारखा दिसणारा पुतळाच घरी येतो. सगळं असूनही तो ॲश नाही, हे मार्थाला टप्प्याटप्प्याने कळत जातं. तो भांडत नाही, नकार देत नाही. ॲशने आयुष्यात जे कुठे लिहिलंच नाही ते त्याच्याकडे नाही. शेवटी ती त्याला माळ्यावर ठेवते. टाकून देणं तिला जमत नाही. याच मालिकेचा २०१६ चा ‘सॅन जुनिपेरो’ हा भाग त्यामानाने आनंदी मानला जातो. त्यात माणसं मरताना आपली जाणीव एका कृत्रिम गावात पाठवू शकतात आणि तिथे कायम तरुण राहू शकतात. प्रेक्षकांना त्यातली प्रेमकथा आठवते. पण त्यातल्या केली या नायिकेची एक अडचण आहे, ती जास्त लक्षात ठेवण्यासारखी आहे. तिच्या नवऱ्याने त्या गावात जायला नकार दिला होता, कारण त्यांची मुलगी ही सोय निघण्याआधीच वारली होती. जिथे मुलगी नाही, तिथल्या अमरत्वाला काय करायचं, हा त्या बापाचा प्रश्न होता. लातूरबद्दल बोलताना या बापाची आठवण काढावी लागणार आहे.

‘अपलोड’ ही ॲमेझॉनवर २०२० मध्ये सुरू झालेली मालिका वरवर विनोदी आहे, पण तिचा कणा व्यवहाराचा आहे. नेथन नावाचा तरुण मरतो आणि एका कंपनीने चालवलेल्या आलिशान डिजिटल स्वर्गात जाऊन पोचतो. त्या स्वर्गाचा खर्च त्याची प्रेयसी भरते, त्यामुळे मेल्यानंतरही तो तिच्या मर्जीत अडकतो. ज्यांना परवडत नाही ते खालच्या मजल्यावर महिन्याला दोन जीबी डेटावर जगतात. डेटा संपला की नवा महिना उजाडेपर्यंत जागच्या जागी गोठतात. ‘पॅन्थियन’ ही २०२२ ची ॲनिमेशन मालिका केन लिऊ यांच्या कथांवर बेतलेली आहे. तिच्यात चंदा नावाचा भारतीय अभियंता आहे. त्याच्या मालकाने त्याचं मन त्याच्या इच्छेविरुद्ध संगणकात उतरवलेलं असतं, कशासाठी, तर त्याने झोप, पगार आणि सुट्टी यांशिवाय अखंड काम करावं म्हणून. या सगळ्या कथा एका रांगेत ठेवल्या तर दिसतं, की लेखकांना तंत्रज्ञान शक्य आहे का यात फारसा रस नाही. ते शक्य आहे असं पहिल्या पाच मिनिटांत धरून ते पुढे जातात. मग प्रत्येक कथेत मालकी, बिल, परवानगी आणि कामाचे तास हेच विषय येतात. मराठी मालिकांमध्ये मेलेला माणूस अजून वाड्यातच परततो. २०१६ मध्ये सुरू झालेल्या ‘रात्रीस खेळ चाले’ने ते घरोघरी पोचवलं. भुताची वाड्यावरची मालकी मात्र कुणी कंपनी ठरवत नाही, हा फरक लहान नाही.

मन संगणकात उतरवण्याच्या शास्त्राबद्दल थोडक्यात. सी. एलेगन्स नावाच्या जेमतेम मिलिमीटरभर लांबीच्या कृमीत ३०२ चेतापेशी असतात आणि त्यांच्या जोडण्यांचा नकाशा १९८६ मध्ये प्रसिद्ध झाला. इतकी वर्षं उलटली तरी त्या नकाशावरून तो कृमी संगणकात पूर्णपणे जिवंत करता आलेला नाही. २०२४ मध्ये फळमाशीच्या मेंदूचा नकाशा पूर्ण झाला. त्यात सुमारे एक लाख चाळीस हजार चेतापेशी आणि पाच कोटींवर जोडण्या आहेत. त्याच वर्षी हार्वर्ड विद्यापीठ आणि गूगल यांच्या संशोधकांनी मानवी मेंदूच्या एका घन मिलिमीटर तुकड्याचा नकाशा दिला आणि तेवढ्यासाठी सुमारे चौदाशे टेराबाइट माहिती साठवावी लागली. अख्ख्या मेंदूचं आकारमान साधारण बारा लाख घन मिलिमीटर असतं. शिवाय नकाशा म्हणजे तारांची मांडणी फक्त. त्या क्षणी कुठून काय वाहत होतं, कुठलं रसायन किती होतं, हे त्यात नसतं. तेव्हा सॅन जुनिपेरो आज बांधता येत नाही आणि नजीकच्या काळात बांधता येईल असं मानायलाही आधार नाही. आज बांधता येतो तो ॲश. माणसाचा मजकूर आणि आवाज पुरेसा मिळाला, की तो पुढे काय बोलला असता याचा अंदाज यंत्र बांधतं आणि तो अंदाज त्याच्याच आवाजात म्हणून दाखवतं. अंदाज कितीही जवळचा असला तरी त्यामागे जाणीव नसते. कुणीतरी मेलेल्याच्या वहीत त्याच्याच अक्षराचं वळण गिरवून पुढचं पान लिहावं, असा तो प्रकार आहे.

इथे नांदेडचा विषय येतो. ऑक्टोबर १७०८ मध्ये गुरू गोबिंदसिंग यांचं नांदेडला, गोदावरीच्या काठी, देहावसान झालं. त्याआधी त्यांनी आपल्यामागे कुणाही माणसाला गुरुगादी दिली नाही. ती ग्रंथाला दिली. दहा मानवी गुरूंची परंपरा या गावात थांबली आणि गुरू ग्रंथसाहिब कायमचा गुरू झाला. शीख श्रद्धेत तो ग्रंथ म्हणजे गेलेल्या गुरूंची आठवण किंवा स्मारक नाही, तो जिवंत गुरू आहे. म्हणून रात्री त्याला सन्मानाने विश्रांती दिली जाते आणि पहाटे पुन्हा उघडलं जातं. २००८ मध्ये या घटनेला तीनशे वर्षं झाली तेव्हा गुरू-ता-गद्दीचा सोहळा नांदेडने पाहिला. शहराचे रस्ते, घाट आणि विमानतळ त्या निमित्ताने बदलले. एका पंथाच्या श्रद्धेची संगणकाच्या प्रोग्रॅमशी तुलना करण्याचा हेतू इथे अजिबात नाही. हेतू एवढाच, की माणूस गेल्यावर त्याच्या शब्दाचं काय करायचं हा प्रश्न नांदेडमध्ये अत्यंत गांभीर्याने सोडवला गेला आहे, आणि त्या उत्तराच्या तपशिलात आजच्या प्रश्नाला लागू पडतील अशा गोष्टी आहेत.

तपशील पाहण्यासारखा आहे. ग्रंथात सहा गुरूंची वाणी आहे आणि ते सगळे आपल्या रचनेत ‘नानक’ हीच नाममुद्रा वापरतात. एरवी यातून गोंधळ झाला असता. पहिल्या गुरूंचं कुठलं आणि पाचव्यांचं कुठलं हे कळलं नसतं. १६०४ मध्ये गुरू अर्जुनदेव यांनी ग्रंथ सिद्ध केला तेव्हा प्रत्येक रचनेच्या माथ्यावर ‘महला’ आणि क्रमांक घातला. महला १ म्हणजे गुरू नानक, महला ५ म्हणजे स्वतः गुरू अर्जुनदेव. नाव एकच, पण कोण बोलतंय ते प्रत्येक वेळी स्पष्ट. रचनेच्या शेवटी कडव्यांचे आणि पदांचे आकडे, आणि पुढे त्यांच्या बेरजाही येतात. मध्ये कुणी एखादं पद घुसवलं तर आकडा जुळणार नाही, अशी ती व्यवस्था आहे. ही काळजी उगाच घेतलेली नव्हती. गुरूंच्या नावावर दुसऱ्यांच्या रचना त्या काळात फिरत होत्या आणि त्यांना ‘कच्ची बाणी’ म्हणत. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला, छापखाना पंजाबात पोचण्याच्या कितीतरी आधी, त्या समाजाने नकली वाणी ओळखण्याची पद्धत बसवली होती. पुढे गुरू गोबिंदसिंग यांनी आपल्या वडिलांची, गुरू तेगबहादुर यांची वाणी ग्रंथात घातली. ती महला ९. स्वतःची मात्र घातली नाही. आणि नांदेडला गादी ग्रंथाकडे सोपवल्यावर त्यात भर घालण्याचा अधिकार कुणाकडेच उरला नाही. १४३० पानांचा तो ग्रंथ तेव्हा जिथे थांबला तिथेच आज आहे.

यावर कुणी म्हणेल, की थांबलेला शब्द म्हणजे मेलेला शब्द. माणूस आज असता तर आजच्या प्रश्नावर बोलला असता, मग यंत्राने ते बोलून दाखवलं तर बिघडलं काय? नांदेडचा अनुभव याच्या उलट आहे. सचखंड श्री हुजूर साहिबमध्ये आणि जगभरच्या गुरुद्वारांमध्ये रोज ग्रंथ उघडून समोर येईल ते वचन त्या दिवसाचा हुकूमनामा म्हणून वाचलं जातं. वचन शेकडो वर्षांपूर्वीचं असतं. ऐकणारा आपल्या घरातलं भांडण, शेतीचं कर्ज, मुलीचं शिक्षण मनात घेऊन ते ऐकतो आणि अर्थ लावतो. नवेपण ऐकणाऱ्याकडून येतं, त्याची जबाबदारीही ऐकणाऱ्यावर राहते. अर्थ चुकला तर तो माझा चुकला, गुरूंचा नाही, असं म्हणायची सोय राहते. यंत्राने बनवलेल्या वाक्यात ही सोय उरत नाही. बनवणाऱ्याचं मत गेलेल्या माणसाच्या तोंडी जातं आणि त्याच्याशी असहमत होणाऱ्याला बनवणाऱ्याशी भांडायची जागा मिळत नाही. त्याला थेट त्या आदरणीय आवाजाशी भांडावं लागतं. सभेत बसलेल्या कार्यकर्त्याने तो आवाज आयुष्यभर मान खाली घालून ऐकलेला असतो. त्याला हे यंत्राचं काम आहे हे माहीत असतं, तरी अंगावर काटा येतो तो आवाजामुळे येतो. माहीत असणं इथे पुरेसं संरक्षण देत नाही.

याहून अवघड आक्षेप आपल्याच परंपरेतून येतो, आणि तो मराठवाड्याच्याच मातीतला आहे. संत नामदेवांचं जन्मगाव म्हणून नांदेडला लागून असलेल्या हिंगोली जिल्ह्यातलं नरसी मानलं जातं. त्यांची ६१ पदं गुरू ग्रंथसाहिबात आहेत. पंजाबात घुमानला त्यांची परंपरा जिवंत आहे आणि २०१५ चं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन त्याच गावी भरलं. पण महाराष्ट्रात छापलेल्या नामदेवांच्या गाथेचं चित्र वेगळं आहे. सोळाव्या शतकात विष्णुदास नामा हा कवी होऊन गेला. त्याने आणि इतरांनीही ‘नामा’ अशी मुद्रा घालून अभंग रचले, आणि ते पुढे गाथेत मिसळून गेले. कुठला अभंग मूळ नामदेवांचा हे ठरवताना अभ्यासकांची पिढ्यान्‌पिढ्या दमछाक झाली आहे. मग आक्षेप घेणारा विचारेल, की संतांच्या नावाने नवं बोलणं आपल्याकडे शतकानुशतकं चालत आलं आहे, ते भक्तीत मोडतं, आणि यंत्राने केलं की खोटेपणा कसा होतो?

या आक्षेपात बळ आहे आणि तो झटकून टाकता येत नाही. तरीही दोन फरक ठळक आहेत. विष्णुदास नाम्याने अभंग रचला तेव्हा तो स्वतःच्या गळ्याने गायला. समोरच्या लोकांना गाणारा माणूस दिसत होता. त्याने आपलं नाव मागे घेतलं आणि गुरूचं पुढे केलं. या व्यवहारात त्याने स्वतःचं काही सोडलं. आजच्या व्यवहारात उलटं होतं. बनवणारा काहीच सोडत नाही. तो गेलेल्या माणसाचा गळा घेतो, चेहरा घेतो आणि स्वतः पडद्यामागे राहतो. दुसरा फरक वेळेचा आणि प्रमाणाचा आहे. एका अभंगाला लोकांच्या तोंडी रुजायला पिढ्या लागत; न पटलेला गळून पडे. यंत्र एका दुपारीत हजार वाक्यं तयार करू शकतं आणि ती त्याच संध्याकाळी लाखो मोबाइलवर जाऊ शकतात. समाजाला चाळायला वेळच मिळत नाही. आणि शेवटी, गाथेतल्या त्या मिसळीने झालेलं नुकसान खरं आहे हेही मान्य केलं पाहिजे. नामदेव नावाचा एक माणूस त्यात धूसर झाला. त्याच नामदेवांची ६१ पदं ग्रंथात मात्र मोजून ठेवलेली आहेत, त्यांना हात लागलेला नाही. एकाच माणसाचे शब्द दोन पद्धतींनी सांभाळले गेले आणि दोन्हींचा परिणाम आज आपल्यासमोर आहे. मला यातली मोजून ठेवण्याची पद्धत अधिक मोलाची वाटते.

आता लातूर. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, चारला काही मिनिटं कमी असताना, लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्याच्या सीमेवर किल्लारी परिसरात भूकंप झाला. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती. गणपती बोळवून लोक झोपले होते. त्या भागातली घरं म्हणजे चिखलात रचलेल्या दगडांच्या रुंद भिंती आणि वर लाकडावर मातीचा जाड थर दिलेलं माळवद. उन्हाळ्यात थंडावा देणारी ही रचना हादऱ्यात झोपलेल्या माणसांवर कोसळली. वेगवेगळ्या नोंदींनुसार आठ ते दहा हजार माणसं गेली आणि पन्नासहून अधिक गावं जमीनदोस्त झाली. पुढे जागतिक बँकेच्या मदतीने पुनर्वसनाचा मोठा कार्यक्रम झाला आणि गावं नव्या जागी वसली. त्या पहाटे गेलेल्या माणसांचा डिजिटल अवतार बनवायचा म्हटलं तर कशावरून बनवणार? १९९३ मध्ये खेड्यातल्या शेतकऱ्याचा फोटो म्हणजे लग्नातला किंवा जत्रेतल्या स्टुडिओतला एखादा. आवाजाची फीत बहुतेक घरी नव्हतीच. जे थोडं होतं ते त्याच दगडमातीखाली गेलं. शेतमजूर बाईच्या जात्यावरच्या ओव्या तिच्या सुनेला पाठ असतील तेवढ्याच उरल्या. ‘सॅन जुनिपेरो’तल्या त्या बापाला इथे आठवावं: सोय निघण्याआधी गेलेल्यांना कुठलाच स्वर्ग घेत नाही. आणि ही विषमता १९९३ सोबत संपलेली नाही. आजही ज्याच्या नावावर हजारो व्हिडिओ आहेत त्याची प्रतिकृती हुबेहूब होईल. जी बाई आयुष्यभर दुसऱ्याच्या फोनवर मिस्ड कॉल देत राहिली तिची होणार नाही. ‘अपलोड’मधला दोन जीबीचा मजला ही कल्पना नाही, ती आपल्या तालुक्यांच्या रचनेतच आहे.

लातूरच याउलट सर्वांत कठीण प्रश्नही समोर ठेवतं. किल्लारीच्या एखाद्या आईला कुणी सांगितलं, की तुझ्या लेकराचा आवाज पुन्हा ऐकवतो, तर तत्त्वज्ञान सांगून तिला थांबवायचा अधिकार कुणाला? दक्षिण कोरियात २०२० मध्ये एमबीसी वाहिनीने ‘मीटिंग यू’ नावाचा माहितीपट दाखवला. त्यात आजाराने गेलेल्या सात वर्षांच्या मुलीची आभासी प्रतिमा तयार करून तिच्या आईला भेटवली होती. आईने नंतर त्या भेटीबद्दल कृतज्ञता व्यक्त केली. ते दुःख आणि तो दिलासा खरा होता, आणि जो लेख या दिलाशाची टिंगल करेल तो वाचण्याच्या लायकीचा नाही. पण लक्षात घ्यायला हवं, की ती भेट एकदाच झाली, ठरलेल्या वेळेत झाली आणि त्यात निरोप होता. ‘बी राइट बॅक’मधलं दुःख वेगळं आहे; तिथे निरोपच येत नाही. आपल्याकडच्या रूढींना हा फरक फार जुना माहीत आहे. दहाव्याला पिंड ठेवून घरचे लोक कावळ्याची वाट पाहतात. कावळा शिवला नाही तर मोठा मुलगा किंवा भाऊ मोठ्याने बोलतो: बहिणीचं लग्न करून देईन, आईला सांभाळीन, विहिरीचं काम अर्धं राहिलंय ते पुरं करीन. या सगळ्या संवादात मृत व्यक्ती एक अक्षर बोलत नाही. मागे राहिलेल्यांनी काय करायचं ते मागे राहिलेलेच, चारचौघांसमोर, स्वतःच्या तोंडाने सांगतात. त्यानंतर तेरावा, वर्षश्राद्ध, मग वर्षातून एकदा पितृपक्ष, अशी भेटींमधली अंतरं वाढत जातात. रूढीच्या धार्मिक बाजूवर विश्वास असो वा नसो, दुःखाला दिलेला हा उतार शहाणपणाचा आहे. दरमहा पैसे भरून चालणारी सेवा असा उतार देणार नाही, कारण ग्राहकाचं दुःख ओसरलं तर सेवेची वर्गणी थांबते. कंपनीचा माणूस वाईट आहे म्हणून हे घडेल असं नाही; धंद्याची घडणच तशी आहे.

कायदा या सगळ्यात कुठे उभा आहे? मुंबई उच्च न्यायालयाने २०२४ मध्ये अरिजित सिंग आणि २०२५ मध्ये आशा भोसले यांच्या आवाजाची कृत्रिम बुद्धिमत्तेने केलेली नक्कल रोखणारे आदेश दिले. दोघांनीही स्वतः, हयातीत, न्यायालयात दाद मागितली होती. गेलेल्या माणसाला ते शक्य नसतं. सुशांतसिंह राजपूत यांच्या वडिलांनी मुलाच्या आयुष्यावरच्या चित्रपटाविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात धाव घेतली तेव्हा २०२३ मध्ये न्यायालयाने म्हटलं, की खासगीपणाचे आणि व्यक्तिमत्त्वाचे असे अधिकार माणसाबरोबर संपतात, वारशाने मिळत नाहीत. वैयक्तिक डिजिटल माहिती संरक्षण कायदा २०२३ मध्ये संसदेने केला आणि त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले. त्याच्या कलम १४ ने एक चांगली गोष्ट दिली आहे: आपल्या मृत्यूनंतर आपल्या माहितीबाबतचे हक्क कुणी वापरावेत त्याचं नाव माणूस नेमून ठेवू शकतो. पण माणसाने स्वतःहून जाहीर केलेली माहिती या कायद्याच्या कक्षेत येत नाही. मराठवाड्यातल्या एखाद्या कीर्तनकाराची शेकडो तासांची कीर्तनं यूट्यूबवर असतात. नक्कल करायला सर्वांत सोपा असतो तो नेमका हाच आवाज, आणि तोच बाहेर राहतो. वारसांच्या परवानगीवर सोपवावं असं काही जण सुचवतात, आणि वारसांनी जपून वागल्याची उदाहरणंही आहेत. ए. आर. रहमान यांनी २०२४ मध्ये ‘लाल सलाम’च्या गाण्यात दोन दिवंगत गायकांचे आवाज वापरले तेव्हा कुटुंबीयांची संमती घेतली आणि मोबदला दिला. गाण्याच्या चालीपुरतं हे चालून जाईल. मत, उपदेश, मतदानाचं आवाहन, जमिनीच्या वाटणीबद्दलचा शब्द यांच्याबाबतीत मात्र वारस हाच बहुतेक वेळा हितसंबंधी असतो.

अवयवदानाच्या कायद्यात याच्याजवळचा एक नमुना सापडतो. १९९४ च्या मानवी अवयव प्रत्यारोपण कायद्यानुसार मेंदूमृत माणसाने हयातीत विरोध नोंदवला नसेल तर जवळचे नातेवाईक संमती देऊ शकतात. आवाजाला हीच सूट द्यावी का? माझ्या मते देऊ नये. मूत्रपिंड एका माणसाचा जीव वाचवतं आणि तिथे काम संपतं. ते दात्याच्या नावाने पुढे मतं मांडत नाही. आवाजाचं तसं नसतं. म्हणून ज्याने हयातीत स्पष्ट ‘हो’ लिहून ठेवलेलं नाही, त्याच्या बाबतीत कायद्याने ‘नाही’ हेच उत्तर धरावं. ज्याने ‘हो’ लिहिलं आहे त्यानेही कशासाठी, किती काळ आणि कुणी बनवलं म्हणून कुणाचं नाव वर लागेल, ते लिहावं. ग्रंथातल्या महल्यासारखी ती खूण प्रत्येक वाक्यावर असावी. लातूर किंवा नांदेडच्या न्यायालयाबाहेर वकिलाकडे मृत्युपत्र करायला बसलेला शेतकरी आज गट नंबर, विहीर, घर, सोनं आणि जिल्हा बँकेतली ठेव लिहून घेतो. त्याच्या खिशातल्या फोनमध्ये नातवाला पाठवलेले कित्येक तासांचे व्हॉट्सॲप संदेश असतात. त्यांचं काय करायचं हे त्याला अजून कुणी विचारलेलं नाही, आणि विचारण्याचा कुठला रकानाही मृत्युपत्राच्या छापील नमुन्यात नाही.